समरी दाव्याचं समन्स आलंय? ही तयारी लगेच करा

समन्स हातात पडलं की आधी त्यावर मिळाल्याची तारीख लिहा आणि 'आदेश ३७' (दिवाणी प्रक्रिया संहितेतला) असा उल्लेख आहे का ते बघा. असेल तर हा समरी दावा, म्हणजे झटपट चालणारा पैसेवसुलीचा दावा. इथे कैफियत, म्हणजे दाव्याला लेखी उत्तर, देण्याचा हक्क आपोआप मिळत नाही, तो कोर्टाकडे मागावा लागतो. समन्स बजावल्यापासून दहा दिवसांत वकीलपत्र आणि नोटिसांसाठीचा पत्ता दाखल करून हजेरी नोंदवा, वादीच्या वकिलालाही त्याच दिवशी कळवा. हे राहिलं तर दाव्यातली विधानं मान्य धरून हुकूमनामा (डिक्री) होऊ शकतो. पुढे वादी 'समन्स फॉर जजमेंट', म्हणजे निकाल मागणारं दुसरं समन्स, बजावेल. तिथून पुन्हा दहा दिवस, आणि तेवढ्यात प्रतिज्ञापत्रासह बचावाच्या परवानगीचा अर्ज. सबळ कारण असेल तर उशीर माफ होतो, पण त्या भरवशावर राहू नका.

मधल्या दिवसांत दाव्याची नक्कल वकिलासोबत बसून वाचा. मागणी लेखी करार, हुंडी, वचनचिठ्ठी यांवरच्या ठरीव रकमेची आहे, की त्यात नुकसानभरपाई घुसवली आहे? शेवटच्या पेमेंटला किंवा सही केलेल्या बाकी-पत्राला (बाकी मान्य केल्याच्या कागदाला) तीन वर्षं उलटून दावा मुदतबाह्य झाला आहे का? व्यापारी वाद तीन लाख किंवा त्याहून जास्त रकमेचा असेल आणि तातडीचा अंतरिम आदेश मागितलेला नसेल, तर दाव्यापूर्वीच्या मध्यस्थीचा कागद जोडलाय का तेही बघा. सर्वोच्च न्यायालयाच्या २०२२ च्या पाटील ऑटोमेशन निकालापासून ही मध्यस्थी सक्तीची आहे.

खरा जोर मात्र तुमच्या स्वतःच्या फायलीवर लावा. समजा इचलकरंजीत सूत घेतलं आणि माल खराब निघाला. चलनाच्या पाठीवर गोदामवाल्यानं 'पाच गाठी ओल्या' असा शेरा मारून ड्रायव्हरची सही घेतली असेल, तर तो चिठोरा दहा पानी प्रतिज्ञापत्राला भारी आहे. डेबिट नोट (खराब मालाची रक्कम बिलातून वजा केल्याची चिठ्ठी) दाव्याच्या आधीची हवी. नंतर काढलेली नोट न काढलेली बरी. व्हॉट्सअ‍ॅपवर तक्रार केली असेल तर फोन बदलू नका; चॅटच्या प्रिंटसोबत इलेक्ट्रॉनिक पुराव्याचं प्रमाणपत्रही तयार ठेवा. आणि सीएला विचारा, त्याच बिलावर जीएसटीचं क्रेडिट घेतलंय का? क्रेडिट घेऊन 'माल आलाच नाही' म्हणाल, तर समोरचा वकील तुमचंच जीएसटी रिटर्न न्यायाधीशांपुढे ठेवेल.

लेजर (खातेवही) जुळवा आणि जेवढी रक्कम खरंच देणं लागता ती मान्य करा. मान्य रक्कम कोर्टात भरल्याशिवाय बचावाची परवानगी मिळत नाही, हे कळलं की बरेच जण सगळंच नाकारतात. माझ्या मते हे अंगाशी येतं. हबटाऊन प्रकरणात २०१६ साली सर्वोच्च न्यायालयानं पायऱ्या घालून दिल्या: भक्कम बचाव असेल तर बिनशर्त परवानगी, हेतूबद्दल शंका असेल तर अटी, बचाव जेमतेम पटण्यासारखा असेल तर रक्कम किंवा तारण, आणि नुसती टाळाटाळ असेल तर नकार. सरसकट नकार देणाऱ्याचा खरा मुद्दाही संशयात सापडतो.

प्रतिज्ञापत्रावर व्यवहार स्वतः हाताळलेल्याची सही घ्या. कंपनी असेल तर ठराव जोडा. आणि बँकेशी आत्ताच बोलून ठेवा, कारण सशर्त परवानगी मिळाली आणि दिलेल्या मुदतीत पैसे भरले नाहीत, तर वादी लगेच हुकूमनामा मागू शकतो.