डिबाय लेंग्थ: ‘कुणाचं टेम्परेचर?’ हे विचारायला मला दोन महिने लागले

प्लाझ्मात नवीन आलेल्यांसाठी लिहितेय. प्लाझ्मा म्हणजे काय, आयनायझेशन म्हणजे काय वगैरे तुम्हाला येतं असं धरून चालते, ते सगळ्या पुस्तकांच्या पहिल्या चॅप्टरमधे असतंच. मला एकाच शब्दाबद्दल बोलायचंय, डिबाय लेंग्थ. हा शब्द मी पहिल्या आठवड्यात पाठ केला, सेमिनारमधे दहादा फेकला आणि त्याच्याच पायी माझे दोन महिने पाण्यात गेले. अजूनही कुणी पटकन ‘लॅम्डा डी इतका इतका’ (लॅम्डा डी हे डिबाय लेंग्थचंच चिन्ह) म्हणालं की माझ्या पोटात गोळा येतो.

आधी अर्थ, पटकन. प्लाझ्मात कुठेतरी एक जादाचा चार्ज ठेवला की आजूबाजूचे उलट चार्जवाले कण त्याच्याभोवती थोडे जास्त जमतात, सारख्या चार्जवाले थोडे लांब सरकतात, आणि लांबून बघणाऱ्याला तो चार्ज जवळपास दिसेनासा होतो. साधारण किती अंतरात हे झाकलं जातं, त्या अंतराला डिबाय लेंग्थ म्हणायचं. ‘झाकलं जातं’ म्हणजे भिंत उभी राहते असं नाही हां! एका डिबाय लेंग्थवर साध्या कूलंब पोटेन्शियलच्या ३७ टक्के उरतं, तीन लेंग्थवर ५ टक्के. हळूहळू विरत जातं. मी सुरुवातीला वहीत गोल काढून ‘ह्याच्या आत चार्ज, बाहेर शून्य’ असं लिहिलं होतं, ती वही अजून आहे, लाज वाटते.

फॉर्म्युला तुमच्याकडे असेलच. तोंडी हिशोबासाठी एवढं लक्षात ठेवा: टेम्परेचर इलेक्ट्रॉन-व्होल्टमधे (ईव्ही) घ्या, त्याला डेन्सिटीने (दर घनमीटर) भागा, वर्गमूळ काढा, ७४३०ने गुणा, उत्तर मीटरमधे. टेम्परेचर केल्विनमधे असेल तर ७४३०च्या जागी ६९. १ ईव्ही म्हणजे जवळपास ११,६०० केल्विन. ६९वाल्या फॉर्म्युल्यात ईव्हीचा २ घालणारे लोक मी पाहिलेत, पण त्यात उत्तर शंभर पटीने चुकतं त्यामुळे लगेच कळतं तरी. घातक चूक ती, जिच्यात उत्तर बरं दिसतं. माझी तसलीच होती.

माझा सेटअप अगदी साधा. लो प्रेशर आर्गॉन डिस्चार्ज, डेन्सिटी १०चा १६वा घात दर घनमीटर, इलेक्ट्रॉन टेम्परेचर २ ईव्हीच्या आसपास. त्यात लँगम्युअर प्रोब, म्हणजे टंगस्टनची बारीक तार, त्रिज्या ०.१ मिलिमीटर. तारेला व्होल्टेज द्यायचं, करंट मोजायचा, ग्राफवरून डेन्सिटी आणि टेम्परेचर काढायचं. ऐकायला सोपं वाटतं. ज्यांनी केलंय ते आत्ता हसत असतील.

प्रोबच्या ग्राफवरून डेन्सिटी काढायच्या आधी कुठली थिअरी लावायची ते ठरवावं लागतं, आणि ते ठरतं एका गुणोत्तरावर: तारेची त्रिज्या भागिले डिबाय लेंग्थ. गुणोत्तर मोठं असेल तर तारेभोवतीचं शीथ (तारेलगतचा थर, जिथे इलेक्ट्रॉन कमी आणि आयन जास्त असतात) तारेच्या मानाने पातळ, म्हणजे करंट गोळा करणारं क्षेत्रफळ तारेचंच धरलं तरी चालतं. गुणोत्तर १च्या आसपास किंवा कमी असेल तर शीथ तारेपेक्षा जाड, आयन तारेभोवती वळसे घालून येतात, काही न आपटता निघून जातात, आणि तिथे ऑर्बिटल मोशनवाली थिअरी किंवा त्याचे न्यूमरिकल कर्व्ह लागतात.

आमच्याकडे एक एक्सेल शीट होती. प्रत्येक लॅबमधे असते तशी, कुणी बनवली कुणाला माहीत नाही, एका सिनियरकडून दुसऱ्याकडे पेनड्राइव्हवर आलेली, आणि तिच्यात एका सेलचं नाव नुसतं ‘लॅम्डा’. मी आकडे घातले, सेल म्हणाला ०.०१२ मिलिमीटर. गुणोत्तर आलं ८. छान, पातळ शीथ, सोपी थिअरी, चला पुढे. सोपी थिअरी मिळाली म्हणून मला आनंदच झाला होता, खोटं कशाला बोलू.

मग आयनच्या बाजूने काढलेली डेन्सिटी इलेक्ट्रॉनच्या बाजूने काढलेल्या डेन्सिटीच्या जवळजवळ तिप्पट यायला लागली. अहो, प्लाझ्मा क्वासिन्यूट्रल असतो, दोन्ही सारख्या यायला हव्यात! आणि आयन करंट सॅच्युरेट व्हायलाच तयार नव्हता, व्होल्टेज जितकं जास्त निगेटिव्ह न्यावं तितका वाढतच जायचा. मी काय काय नाही केलं. तार घाण झाली असेल म्हणून प्रोब पॉझिटिव्ह करून इलेक्ट्रॉन करंटने तार लाल होईपर्यंत तापवून साफ केली. केबल बदलल्या. ग्राउंड तपासलं. नवीन टिप बनवली, ती सिरॅमिकच्या नळीत घालताना मोडली, परत बनवली. रात्री नऊ-नऊपर्यंत पंपाच्या आवाजात बसायचे आणि रोज तेच, तिप्पट. एका संध्याकाळी तर मी ‘आयन डेन्सिटी’ हा कॉलमच डिलीट केला, दुसऱ्या दिवशी परत आणला.

शेवटी एका ग्रुप मीटिंगमधे मी स्लाईड दाखवत असताना एकांनी विचारलं, ‘हे लॅम्डा कुणाच्या टेम्परेचरने काढलंय?’ मी म्हटलं, सर प्लाझ्माच्या. ते म्हणाले, प्लाझ्माचं टेम्परेचर म्हणजे कुणाचं? आणि मी गप्प. खरंच गप्प.

घरी येऊन सेल उघडला (दोन महिन्यांत पहिल्यांदा!). आत दोघांचा मिळून फॉर्म्युला होता, म्हणजे इलेक्ट्रॉनचा आणि आयनचा, दोन्ही लेंग्थच्या वर्गांचे व्यस्त घेऊन बेरीज करायची तो. हा फॉर्म्युला पुस्तकात असतो, चुकीचा नाही. पण व्यस्तांची बेरीज म्हटल्यावर जी लेंग्थ लहान तिचंच चालतं. माझे इलेक्ट्रॉन २ ईव्हीचे आणि आयन रूम टेम्परेचरचे, ०.०२६ ईव्ही. नुसत्या इलेक्ट्रॉनने काढलं तर ०.१०५ मिलिमीटर, आयन घातले की ०.०१२. जवळपास नऊ पटीचा फरक! गुणोत्तर ८ नाही, १च्या आसपास. म्हणजे मी पहिल्या पायरीलाच चुकीच्या थिअरीच्या गाडीत बसले होते, आणि जाड शीथने गोळा केलेला जादा करंट मी जादा डेन्सिटी म्हणून लिहीत होते.

आता हे जरा सावकाश सांगते, ‘इलेक्ट्रॉनचं घ्या’ एवढं पाठ केलंत तर पुढच्या वळणावर परत पडाल.

शिल्डिंगच्या फॉर्म्युल्यात एक गोष्ट गृहीत असते: जो कण शिल्डिंग करतोय तो निवांत आहे, स्वतःच्या टेम्परेचरला समतोलात आहे, पोटेन्शियल बघून थोडा इकडे थोडा तिकडे सरकतोय. निगेटिव्ह प्रोबजवळ इलेक्ट्रॉनला हे लागू होतं, कारण त्यांना ढकललं जातंय, बहुतेक परत फिरतात, बोल्ट्झमनचा नियम बऱ्यापैकी पाळतात. आयनचं तसं नाही. आयन खेचले जातायत. ते तिथे बसून शिल्डिंग करत नाहीत, ते तारेवर जाऊन पडतात आणि संपतात. शिवाय शीथच्या कडेला पोचेपर्यंत त्यांना बोमचा वेग (शीथमधे शिरताना आयनला लागतो तो किमान वेग) आलेला असतो, आणि गंमत अशी की तो वेगही इलेक्ट्रॉनच्याच टेम्परेचरवर ठरतो. २ ईव्हीच्या आर्गॉनमधे सेकंदाला २.२ किलोमीटर. रूम टेम्परेचरच्या आर्गॉनचा थर्मल वेग सेकंदाला २५० मीटर. एनर्जीत बोलायचं तर आयन जवळपास १ ईव्ही घेऊन आत शिरतोय आणि मी फॉर्म्युल्यात त्याला ०.०२६ देऊन बसवलं होतं. धावत्या माणसाला खुर्चीत बसलाय असं धरल्यासारखं.

मग तो दोघांचा फॉर्म्युला आला कुठून? डिबाय आणि ह्यूकेल यांनी १९२३ साली हे काम केलं ते इलेक्ट्रोलाइटसाठी, म्हणजे मीठ विरघळलेल्या पाण्यासारख्या द्रावणासाठी. तिथे पॉझिटिव्ह आणि निगेटिव्ह दोन्ही आयन एकाच द्रवात, एकाच टेम्परेचरला, दोघेही निवांत, मग बेरीज अगदी बरोबर. प्लाझ्मा हा शब्द लँगम्युअरने १९२८मधे वापरला, आणि त्याच्या डिस्चार्जमधे इलेक्ट्रॉन तापलेले आणि आयन थंड. शब्द एका दुनियेतून दुसऱ्या दुनियेत आला, सोबतचं गृहीतक सांगायचं राहून गेलं. माझं तरी राहिलं.

आणि नाही, सगळीकडे इलेक्ट्रॉनचंच असंही नाही, हे ऐकून वैतागू नका. दोघांचं टेम्परेचर सारखं असेल तर बेरीज घ्या नाहीतर नका घेऊ, फरक फक्त २च्या वर्गमुळाचा, कुणाचं काही अडत नाही. डस्टी प्लाझ्मात, आयन सावकाश असतील तर धुळीच्या कणाचं शिल्डिंग मुख्यतः आयनच करतात. तोच कण शीथच्या कडेला आला, आयन वेगाने वाहायला लागले की पारडं परत इलेक्ट्रॉनकडे झुकतं. आणि फार झटपट बदलणाऱ्या गोष्टींत आयन जड म्हणून हलतच नाहीत, नुसते मागे पडदा म्हणून उभे. म्हणून दरवेळी दोन प्रश्न: कुणाचं टेम्परेचर, आणि तो कण निवांत आहे का.

मला लवकर कळायला हवं होतं, खूण समोर होती. डिबाय गोलात किती कण बसतात ते आपण सगळे असाइनमेंटमधे काढतो आणि विसरतो. ०.०१२ने काढलं तर सत्तरच्या आसपास येतात, ०.१०५ने काढलं तर पन्नास हजाराच्या जवळ. साध्या ग्लो डिस्चार्जला सत्तर म्हटल्यावर भुवई तरी उडायला हवी होती.

अजून एक, थोडक्यात: शीथची जाडी म्हणजे डिबाय लेंग्थ नव्हे. मीही मीटिंगमधे तसंच बोलायचे. भिंतीवर व्होल्टेज दिलंत की शीथ वाढतं. माझ्याच आकड्यांत १०० व्होल्टला चाइल्ड लॉने (व्होल्टेजवरून शीथची जाडी काढायचा नियम) साधारण १५ डिबाय लेंग्थ, म्हणजे दीड मिलिमीटर होतं. एक्स्पोनेन्शियल घट ही पोटेन्शियल टेम्परेचरच्या मानाने छोटं असतानाची गोष्ट आहे, ५० व्होल्टच्या प्रोबला ती लावू नका.

सिम्युलेशनवाल्यांनो, तुम्ही सुटला नाहीत. साध्या एक्स्प्लिसिट पार्टिकल-इन-सेल कोडमधे (जागेचे छोटे चौकोन, म्हणजे सेल, पाडून त्यांत कण चालवणारा कोड) सेल डिबाय लेंग्थपेक्षा फार मोठा ठेवलात तर प्लाझ्मा आपोआप तापायला लागतो, कुणी एनर्जी न देता. माझा एक मित्र ते ‘हीटिंग मेकॅनिझम’ म्हणून चार दिवस खुशीत होता. ३ सेंटिमीटरच्या गॅपला ०.१ मिलिमीटरचा सेल म्हणजे एका दिशेला ३००, तीनही दिशांना केलंत तर २ कोटी ७० लाख सेल. तेव्हा सेल मोठा करायचा मोह होतोच, मला कळतं.

शॉर्टकटबद्दल माझं मत वाईट आहे, सांगून टाकते. ऑनलाइन कॅल्क्युलेटर वापरा, पण आधी एकदा कागदावर काढा. ते कॅल्क्युलेटर एकच टेम्परेचर विचारतात आणि कुणाचं ते पुष्कळदा लिहिलेलंही नसतं. वारशात मिळालेली शीट असेल तर पहिल्या दिवशी प्रत्येक सेल उघडून बघा, सिनियरला राग आला तर येऊ दे. आणि गाईडकडून उत्तराची अपेक्षा करू नका. चांगला गाईड तोच जो स्लाईडवर नुसतं ‘कुणाचं?’ विचारतो आणि तुम्हाला लाजवतो. गोड बोलून ‘छान चाललंय’ म्हणणाऱ्याकडून मी तरी काही शिकले नाही.

घाबरू मात्र नका. आकडे खरे होते, ग्राफ खरे होते, एकही रीडिंग परत घ्यावं लागलं नाही. फक्त थिअरी बदलली, दोन डेन्सिटींतला तिपटीचा फरक तीस टक्क्यांवर आला, आणि प्रोबच्या दुनियेत तीस टक्के म्हणजे लोक पेढे वाटतात. दोन महिन्यांची चूक दोन दिवसांत दुरुस्त झाली. चिडचिड जायला जास्त वेळ लागला.

शीटमधल्या त्या सेलचं नाव मी बदललं, आता ते ‘लॅम्डा, फक्त इलेक्ट्रॉन’ आहे, आणि शेजारी लाल रंगात आयनचा वेगळा सेल. पण जुन्या कॉप्या कुठे कुठे फिरतायत देव जाणे. मागच्या महिन्यात एक नवीन मुलगी लॅपटॉप घेऊन आली, ताई बघ ना, आयन करंट सॅच्युरेटच होत नाहीये, तार साफ करू का? मी ग्राफ बघितलाच नाही, विचारलं, ‘लॅम्डा किती आला?’

‘बारा मायक्रॉन,’ ती म्हणाली.