अकॅन्थोपॉड म्हणजे नेमकं काय? हा शब्द वापरताना या चुका टाळा

बायोलॉजीच्या जुन्या डिक्शनऱ्या चाळल्या की असे काही शब्द सापडतात जे कुणी रोज वापरत नाही पण क्विझवाले, शब्दकोडीवाले आणि किड्यांचे फोटो काढणारे मात्र हौसेने उचलतात. अकॅन्थोपॉड त्यातलाच. अर्थ दिलेला असतो "काटेरी पायांचा", झालं, एवढं वाचून लोक कॅप्शन टाकून मोकळे होतात. गंमत अशी की यातला "पाय" कधी खरा पाय असतो, कधी पानाचा देठ असतो आणि कधी एका पेशीतून बाहेर आलेला क्षणभराचा सुळका असतो, आणि "काटा" म्हणजे काय हे तर प्रत्येक शाखेत वेगळं. त्यामुळे हा शब्द कोण वापरतंय, झाडवाला, किडेवाला की डोळ्यांच्या लॅबमधला, हे आधी बघायचं आणि मग अर्थ लावायचा. खालच्या बहुतेक चुका हे न बघितल्यामुळेच होतात.

शब्द ग्रीक आहे. अकान्था म्हणजे काटा, आणि पूस (त्याचंच रूप पोडोस) म्हणजे पाय. आर्थ्रोपॉड, गॅस्ट्रोपॉड, सेफॅलोपॉड यातला जो पॉड, तोच हा.

चूक १: आर्थ्रोपॉडचंच वेगळं स्पेलिंग समजणं

सर्चमध्ये टाईप करा, फोन स्वतःच दुरुस्त करून आर्थ्रोपॉड करतो आणि मग समोर येतात खेकडे, कोळी, गोम, आणि माणसाला वाटतं बरोबर, यांच्या पायांना काटे असतातच की. पण आर्थ्रोपॉड म्हणजे सांधे असलेले पाय, म्हणजे आपल्या पाठ्यपुस्तकातले संधिपाद. तो एक अख्खा संघ आहे. अकॅन्थोपॉड हा संघ नाही, ते वर्णन आहे. एखादा संधिपाद अकॅन्थोपॉड असू शकतो, पण सगळे संधिपाद अकॅन्थोपॉड नसतात. सर्च करताना शब्द अवतरणचिन्हात टाका आणि जोडीला विषय लिहा, बीटल किंवा अमीबा किंवा देठ, नाहीतर रिझल्टमध्ये नुसता कचरा येतो.

मराठीत लिहिताना याच्या उलटी गफलत होते. कंटकचर्मी हा शब्द बऱ्याच जणांच्या डोक्यात शाळेपासून बसलेला असतो, तो आहे तारामासा आणि समुद्री साळिंदर यांच्या संघासाठी, म्हणजे काटेरी कातडीवाले. काटा आला म्हणून अकॅन्थोपॉडलाही कंटकचर्मी लिहू नका. संधिपाद, उदरपाद, शीर्षपाद या चालीवर करायचाच असेल तर कंटकपाद करा, आणि पहिल्यांदा वापरताना तिथंच सांगून टाका की कुठला पाय आणि कुठला काटा.

चूक २: झाडाच्या बाबतीत "पाय" शोधत बसणं

ही सगळ्यात मजेशीर. इंग्रजी डिक्शनऱ्यांमध्ये अकॅन्थोपोडियस असं एक विशेषण आहे आणि पुढे लिहिलेलं असतं की वनस्पतीशास्त्रातला शब्द. आता झाडाला पाय कुठून आला, म्हणून लोक सरळ खोडाच्या बुंध्याकडे किंवा मुळांकडे जातात आणि काटेसावरीचा फोटो लावतात. चुकीचं आहे. इथं पाय म्हणजे पानाचा देठ, पान ज्याच्यावर उभं असतं तो. म्हणजे अकॅन्थोपोडियस म्हणजे ज्याच्या पानांच्या देठावर काटे आहेत असं झाड.

उदाहरणं आपल्या आजूबाजूला भरपूर आहेत. ताडाच्या पानाचा देठ बघा, दोन्ही कडांना करवतीसारखे काळे दात, ताडी काढणाऱ्याला विचारा. भुईरिंगणीला तर पानावर, शिरांवर, देठावर सगळीकडे पिवळट सरळ काटे. वांग्याच्या काटेरी जाती घ्या, भाजी चिरताना टोपीवरचा काटा बोटात जातो तो सगळ्यांना माहिती, पण झाडावर पानाच्या देठालाही तेच काटे असतात. कमळाच्या देठावर बारीक खरखरीत काटे असतात, तळ्यात हात घालून बघितलंय त्यांना कळेल. आणि मखान्याच्या झाडाचं तर विचारूच नका, देठ, पान, फळ, सगळंच टोचतं.

आता न बसणारी उदाहरणं. बाभळीचा पांढरा लांब काटा पानाच्या बुडाशी जोडीने येतो, पण तो देठावर नसतो, पानाच्या तळाशी जी उपपर्णं असतात त्यांचाच तो काटा झालेला असतो. बोरीचंही तसंच. काटेसावरीचे काटे खोडाच्या सालीवर. निवडुंगाचे काटे म्हणजे रूप बदललेली पानंच. या सगळ्यांना काटेरी म्हणा, अकॅन्थोपोडियस म्हणू नका. शिंदीचं प्रकरण जरा मधलं आहे, तिथं देठावर वेगळा काटा उगवत नाही, झावळीच्या बुडाकडच्या पानपट्ट्याच कडक होऊन काट्यासारख्या झालेल्या असतात, तरी वर्णनापुरतं काटेरी देठ म्हटलं तर कुणी भांडणार नाही. मी असतो तर "बुडाकडच्या पट्ट्यांचे काटे झालेले" असं पूर्ण लिहिलं असतं, शब्द मिरवण्यापेक्षा ते बरं.

चूक ३: नावात अकॅन्थ दिसलं की काटे आहेतच असं धरणं

अडुळसा कुठल्या कुळातला? अकॅन्थेसी. अडुळशाला काटा आहे का? नाही. कुळाला नाव मिळालंय अकॅन्थस या वंशावरून, आणि त्या वंशातली आपल्याकडची मारांडी, जी कोकण-गोव्याच्या खाडीत तिवरांच्या बरोबर वाढते, तिची पानं खरोखर टोचतात. पण तेवढ्यावरून कुळातल्या प्रत्येकाला काटे असायला हवेत असं काही नाही. पिवळी कोरांटी, काटे आहेत. तालीमखाना, काटे आहेत. कारवी, जी सह्याद्रीत सात वर्षांनी एकदा फुलते आणि मग सगळे कॅमेरे घेऊन धावतात, ती याच कुळातली आणि बिनकाट्याची. एमसीक्यूमध्ये "अकॅन्थेसी म्हणजे काटेरी कुळ" असा पर्याय आला तर सावध.

प्राण्यांमध्ये याचा मोठा भाऊ म्हणजे अकॅन्थोडॅक्टिलस. हा सरड्यांचा वंश, 1834 मध्ये वीगमान यांनी नाव दिलेला. त्यातल्या स्पेन, पोर्तुगाल आणि उत्तर आफ्रिकेत सापडणाऱ्या एका जातीला इंग्रजीत सरळ स्पायनी-फूटेड लिझर्ड म्हणतात, म्हणून काटेरी पाय असा सर्च मारला की पहिल्यांदा हाच येतो. पण डॅक्टिलस म्हणजे बोट, पाय नाही, आणि बोटांना जे असतं ते काटेही नाहीत, बोटाच्या कडेला कंगव्याच्या दातांसारखे ओळीने बाहेर आलेले खवले असतात. भुसभुशीत वाळूत पाय रुतू नये म्हणून ते कामाला येतात. आपल्या थारच्या वाळवंटात याच वंशातली अकॅन्थोडॅक्टिलस कॅन्टोरिस नावाची जात आहे, राजस्थानात फिरायला गेलात तर वाळूवर सुसाट पळताना दिसू शकते. त्या स्पॅनिश जातीचं शास्त्रीय नाव एरिथ्रुरस, म्हणजे लाल शेपटीचा, आणि पिल्लांची शेपटी खरोखर लालभडक असते, म्हणजे जातीचं नाव प्रामाणिक आणि काट्याचं नाव जरा फुगवलेलं. मग या सरड्याला अकॅन्थोपॉड म्हणायचं का? नको. इंग्रजी बोलीनावाचं उलट भाषांतर करून शास्त्रीय शब्द बनवायचा नसतो.

चूक ४: काटा, केस, नखी सगळं एकच

आता किड्यांकडे. फ्रेंच कीटकशास्त्रज्ञ लात्रेय यांनी आपल्या वर्गीकरणात अकॅन्थोपोडा असा भुंगेऱ्यांचा एक गट केला होता, हेटेरोसेरस या वंशासाठी. हे पाणथळ जागी ओल्या चिखलात बिळं करून राहणारे छोटे भुंगेरे, आणि त्यांचे पाय रुंद, चपटे आणि काटेरी, चिखल उकरायला अगदी योग्य. डिक्शनरीत अकॅन्थोपॉड या नामाचा जो अर्थ येतो तो इथून आलाय. आज त्या भुंगेऱ्यांचं कुळ हेटेरोसेरिडी या नावाने ओळखतात, त्यामुळे आजच्या लेखात "अकॅन्थोपोडा गटातला भुंगेरा" असं लिहिलं तर ते जुन्या नकाशावरून पत्ता सांगितल्यासारखं होईल. वर्णन म्हणून वापरा, गटाचं नाव म्हणून नको.

वर्णन म्हणून वापरायचं तरी खरा काटा आहे का ते बघायला लागतं. नाकतोड्याच्या मागच्या पायाची नडगी बघा, मागच्या बाजूला काट्यांच्या दोन रांगा, हातात धरला की लाथ मारतो तेव्हा ते टोचतात, आणि टोकाला वेगळे हलणारे आर असतात. मँटिसचे, म्हणजे प्रार्थना कीटकाचे पुढचे पाय तर सापळाच आहे, मांडी आणि नडगी दोन्हीला काटे आणि शिकार मधे चेपायची. हे सगळं काटेरी पाय म्हणून चालतं. पण माशीच्या किंवा कोळ्याच्या पायावरचे केस म्हणजे काटे नव्हेत. केसाळ पायांसाठी, राठ केसांच्या पायांसाठी वेगळे शब्द आहेत, उदाहरणार्थ पूर्वी वलयी कृमींच्या एका मोठ्या गटाला कीटोपोडा म्हणत, राठ केसांचे पाय असलेले. मॅक्रो लेन्सने फोटो काढला की केससुद्धा भाल्यासारखा दिसतो, तेवढ्यावर जाऊ नका.

आणि भारद्वाज! त्याच्या वंशाचं नाव सेन्ट्रोपस, 1811 मध्ये इलिगर यांनी दिलेलं. केन्ट्रोन म्हणजे आर किंवा टोचणी, पूस म्हणजे पाय. मागच्या बोटाची नखी लांब, सरळ भाल्यासारखी असते त्यावरून. म्हणजे अर्थाने जवळचा, पण काटेरी पायाचा नाही, आरेच्या पायाचा. पक्षीवाल्यांच्या ग्रुपवर भारद्वाजाला अकॅन्थोपॉड म्हणाल तर पहिली कॉमेंट काय येईल सांगायला नको.

चूक ५: सारखी दिसणारी नावं

अकॅन्थॉप्स हा दक्षिण आणि मध्य अमेरिकेतल्या, वाळक्या पानासारख्या दिसणाऱ्या मँटिसचा वंश. शेवटचं ऑप्स म्हणजे चेहरा किंवा डोळा, पाय नव्हे. "पॉड"च्या जागी "ऑप्स" आलं की पायाचा डोळा होतो. अकॅन्थोपस हे मात्र पूर्ण काटेरी पाय, आणि ते आहे अमेरिकेतल्याच दुसऱ्या मधमाश्यांच्या घरट्यात अंडी घालणाऱ्या आयत्या बिळावरच्या मधमाश्यांच्या एका वंशाचं नाव. अकॅन्थोसेफाला म्हणजे काटेरी डोक्याचे परजीवी कृमी, पण त्याच नावाचा एक ढेकण्यांचा वंशही आहे, ज्यांचे मागचे पाय पानासारखे पसरट असतात, त्यामुळे पायाचा फोटो आणि डोक्याचं नाव असा घोळ होतो. अकॅन्थोप्टेरिजी म्हणजे काटेरी परांचे मासे, जिताडा, तांबोशी वगैरे. मासे साफ करणाऱ्याला तो काटा चांगला माहिती असतो, पण तो पराचा, पायाचा नाही.

चूक ६: अमीबाच्या रिपोर्टमध्ये हा शब्द बघून घाबरणं किंवा दुर्लक्ष करणं

आज हा शब्द खरोखर कामाच्या ठिकाणी दिसतो तो इथे. अकॅन्थामीबा नावाचा एकपेशीय जीव माती, नळाचं पाणी, स्विमिंग टँक, धूळ, सगळीकडे असतो. त्याच्या सक्रिय रूपाच्या पृष्ठभागावर बारीक निमुळते सुळके येतात, त्यांना म्हणतात अकॅन्थोपोडिया. हे छद्मपादच, म्हणजे पेशीने तात्पुरते बाहेर काढलेले खोटे पाय, फक्त साध्या अमीबासारखे बोथट आणि रुंद नाहीत. ते कायमचे काटे नाहीत, बाहेर येतात आणि परत आत जातात, पृष्ठभागाला चिकटायला मदत करतात. एक असेल तर अकॅन्थोपोडियम, अनेक असतील तर अकॅन्थोपोडिया, त्यामुळे "अकॅन्थोपोडियाज्" कृपया नको.

इथली लॅबमधली नेहमीची गडबड म्हणजे सिस्टमध्ये काटे शोधणं. परिस्थिती वाईट झाली की हा जीव दुहेरी भिंतीच्या कवचात जातो, तीच सिस्ट, बाहेरची भिंत सुरकुतलेली आणि आतली कोनाकोनाची, कधी चांदणीसारखी. ते कोन बघून नवे विद्यार्थी "अकॅन्थोपोडिया दिसले" लिहितात. सिस्टला अकॅन्थोपोडिया नसतात. सुळके बघायचे तर जिवंत, हलणारं रूप ओल्या स्लाईडवर बघा आणि थोडा वेळ थांबा, आकार बदलताना दिसला पाहिजे. नेग्लेरिया नावाच्या दुसऱ्या अमीबासारख्या जीवाशी गल्लत होत असेल तर हेच सुळके उपयोगी पडतात, नेग्लेरियाला ते नसतात, त्याचा पाय बोथट असतो.

सर्वसामान्य माणसाच्या हातात रिपोर्ट आला आणि त्यात अकॅन्थामीबा लिहिलंय तर डोळ्यात काटे घुसलेत असा अर्थ नाही, पण ते हलक्यात घ्यायचंही नाही. हा बुबुळाच्या पुढच्या पारदर्शक पडद्याचा संसर्ग असतो, दुखणं बऱ्याचदा दिसणाऱ्या लाली-सुजेच्या मानाने फार जास्त असतं, आणि सुरुवातीला हर्पीस सिम्प्लेक्स विषाणूचा किंवा बुरशीचा संसर्ग समजून औषधं चालू होतात. उपचार कित्येक महिने चालू शकतात कारण सिस्ट मरायला चिवट. कॉन्टॅक्ट लेन्स नळाच्या पाण्याने धुणं, लेन्स घालून आंघोळ किंवा पोहणं, हे बंद करा. आणि लेन्स वापरत नाही म्हणून आपल्याला होणार नाही असंही नाही, आपल्याकडे शेतात डोळ्यात माती उडाली, पातं लागलं, घाण पाण्याने डोळा धुतला, यातूनही होतो. डोळा दुखतोय आणि आठवड्याभरात थेंबांनी काहीच फरक नाही, तर डॉक्टरांना पाण्याचा, मातीचा संबंध स्वतःहून सांगा, त्यांनी विचारायची वाट बघू नका.

मग वापरायचा कुठे?

किड्याच्या किंवा देठाच्या वर्णनात, जिथं काटा डोळ्याला दिसतोय आणि तो पायावरच किंवा देठावरच आहे, तिथं खुशाल वापरा. लॅबच्या भाषेत अकॅन्थोपोडिया रूळलेला शब्द आहे, तिथं तो बदलू नका. बाकी फोटोखाली "पायाला काटे असलेला नाकतोडा" लिहिलं तर वाचणाऱ्याला लगेच कळतं आणि सर्चमध्येही तेच सापडतं.