एमआरआय रिपोर्टमधला ‘ओबेक्स’ कसा वाचायचा आणि कसा वापरायचा

दिवाळीच्या आधी माझ्या मावसबहिणीने तिच्या डोक्याच्या एमआरआयच्या रिपोर्टचा फोटो फॅमिली ग्रुपवर टाकला. भाच्याने तो मोबाईलवरच ट्रान्सलेट केला आणि एका ओळीत ‘अडथळा’ हा शब्द आला. झालं, मावशी रात्रभर झोपली नाही, मेंदूत अडथळा आहे म्हणे, ऑपरेशन लागणार का, कुठे दाखवायचं, सगळं सुरू. मी फिजिओथेरपीवाली म्हणून सकाळी मला फोन आला, मी मूळ रिपोर्ट मागवला, आणि बघते तर तो शब्द होता ‘ओबेक्स’. वाक्य एवढंच होतं की ओबेक्स फोरामेन मॅग्नमच्या, म्हणजे कवटीच्या तळाच्या मोठ्या छिद्राच्या, वर आहे, म्हणजे जिथे असायला हवा तिथेच आहे. चांगली बातमी होती ती! तेव्हाच ठरवलं की हे नीट लिहून काढायचं, कारण हा शब्द मराठीत कुठेच समजावलेला सापडत नाही.

आधी एक गोष्ट पक्की करा, मगच पुढे वाचा. ओबेक्स हा आजार नाही, गाठ नाही, ब्लॉकेज नाही. तो जागेचा पत्ता आहे. आपण कसं ‘मारुतीच्या देवळापासून दोन घरं पुढे’ असं सांगतो, तसं डॉक्टर ‘ओबेक्सच्या लेव्हलला’, ‘ओबेक्सच्या जरा वर’ असं सांगतात. देवळाचं नाव आलं म्हणजे देवळात काही बिघडलंय असं नसतं ना, तसंच हे. त्यामुळे ‘मला ओबेक्स झालाय’ असं वाक्य होऊच शकत नाही, ओबेक्स तुम्हाला, मला, सगळ्यांनाच असतो.

आता ही जागा शोधायची कशी. एक कागद पेन घ्या, खरंच घ्या, नुसतं वाचून हे डोक्यात बसत नाही. मेंदूच्या खालच्या बाजूला जो दांडा असतो तो ब्रेनस्टेम, त्याचे वरून खाली तीन भाग, मिडब्रेन, पॉन्स आणि मेड्युला. मेड्युला म्हणजे आपल्या शाळेच्या पुस्तकातलं मस्तिष्कपुच्छ, श्वास, हृदयाचे ठोके, गिळणं हे सगळं सांभाळणारं, आणि लांबी बघितली तर जेमतेम तीन सेंटीमीटर. मेड्युलाच्या खाली मेरुरज्जू सुरू होतो. आता हा दांडा मागच्या बाजूने बघताय असं समजा आणि मधोमध एक शंकरपाळी काढा, उभी, टोक वर आणि टोक खाली. ही शंकरपाळी म्हणजे चौथ्या व्हेंट्रिकलचा तळ. व्हेंट्रिकल म्हणजे मेंदूतली पाण्याने भरलेली पोकळी, तशा चार असतात आणि ही सगळ्यात खालची. शंकरपाळीचा वरचा अर्धा भाग पॉन्सवर येतो, खालचा अर्धा मेड्युलावर. आणि तिचं जे अगदी खालचं टोक, जिथे दोन्ही तिरक्या कडा येऊन मिळतात, तिथे एक ठिपका द्या. तो ओबेक्स.

त्या ठिपक्याच्या खाली मेड्युला ‘बंद’ होतो, म्हणजे पोकळी उघडी न राहता मधोमध एक केसासारखी बारीक नळी होऊन खाली मेरुरज्जूत जाते. म्हणून ॲनाटॉमीत मेड्युलाचे दोन भाग करतात, ओबेक्सच्या वरचा ओपन आणि खालचा क्लोज्ड. कॉलेजला असताना हा फरक मी चार वेळा पाठ केला आणि चारही वेळा विसरले, शंकरपाळी काढल्यावर मात्र कायमचा लक्षात राहिला, म्हणून तर म्हणतेय की कागद घ्या.

एमआरआयच्या फिल्मवर मात्र शंकरपाळी शोधू नका. बाजूने घेतलेल्या मधल्या इमेजमध्ये चौथं व्हेंट्रिकल तंबूसारखं त्रिकोणी दिसतं, टी टू इमेज असेल तर पाणी पांढरं दिसतं, आणि तो पांढरा रंग खाली निमुळता होत मेड्युलाच्या पाठीवर जिथे संपतो तिथे साधारण ओबेक्स. साधारण म्हणतेय, कारण रेडिओलॉजिस्ट आडव्या इमेजेस एकेक बघून पक्कं करतात. आपण घरी फक्त अंदाज घ्यायचा, निदान करायचं नाही.

आता शब्दाचा अर्थ, कारण सगळा गोंधळ इथूनच होतो. ओबेक्स हा लॅटिन शब्द, अर्थ अडसर, आगळ. जुन्या वाड्यांच्या दरवाजाला आतून आडवं लाकूड सरकवायचे ना, तेच. व्हेंट्रिकलच्या खालच्या टोकाशी एक बारीकशी पातळ घडी आडवी असते, दाराला आगळ घातल्यासारखी, त्यावरून हे नाव पडलं. काही पुस्तकं त्या घडीलाच ओबेक्स म्हणतात आणि काही त्या टोकाच्या बिंदूला, वाचताना दोन्ही भेटतील, गडबडून जाऊ नका, जागा एकच आहे. पण मराठीत ‘अडसर’ म्हटलं की आपल्याला लाकूड आठवत नाही, अडचण आठवते, आणि भाषांतर करणाऱ्या ॲपला तर शरीराचा संदर्भच कळत नाही, ते सरळ अडथळा लिहून मोकळं होतं. मावशीची रात्र त्यातच गेली.

याच जागेचं अजून एक जुनं नाव आहे आणि मला ते फार आवडतं, कॅलॅमस स्क्रिप्टोरियस, म्हणजे लिहायचा बोरू! शंकरपाळीचा खालचा अर्धा भाग बघा, दोन्ही कडा निमुळत्या होत टोकाला येतात आणि मधून एक खाच जाते, अगदी तासलेल्या बोरूच्या टोकासारखं दिसतं. ही तुलना अलेक्झांड्रियाच्या हेरोफिलसने केली, इसवी सनापूर्वी ३०० च्या आसपास, तिथे लोक ज्या बोरूने लिहायचे त्याची खाच त्याला आठवली. आपल्याकडेही आजोबा-पणजोबांच्या पिढीने बोरूनेच कित्ते गिरवले, त्यामुळे हे नाव खरं तर मराठी माणसाला ओबेक्सपेक्षा जवळचं वाटायला हवं. लक्षात ठेवायला सोपं, बोरूचं टोक म्हणजे ओबेक्स.

अर्थ कळला, आता वाक्य वाचायला शिका. ओबेक्स शब्द दिसला की त्यावर थांबायचं नाही, त्याच्या डाव्या-उजव्या बाजूचे शब्द वाचायचे, खरी माहिती तिथे असते. रोस्ट्रल म्हणजे वरच्या बाजूला, मूळ अर्थ चोचीकडे. कॉडल म्हणजे खालच्या बाजूला, मूळ अर्थ शेपटीकडे. म्हणजे ‘ओबेक्सच्या दोन मिलिमीटर रोस्ट्रल’ वाचलंत तर समजा, ठिपक्यापासून दोन मिलिमीटर वर. ‘ॲट द लेव्हल ऑफ ओबेक्स’ म्हणजे त्या ठिपक्यातून मेड्युला आडवा कापला तर जो काप मिळेल तो, त्या कापात कुठेही काही असेल तरी हे वाक्य वापरतात, अगदी पुढच्या बाजूला असलं तरी.

रिपोर्टमध्ये हा शब्द सगळ्यात जास्त येतो तो कियारीच्या संदर्भात. कियारी मालफॉर्मेशनमध्ये लहान मेंदूचा खालचा भाग, ज्याला टॉन्सिल म्हणतात, कवटीच्या तळाच्या मोठ्या छिद्रातून खाली मानेत सरकलेला असतो. हे टॉन्सिल घशातले नव्हेत बरं का, यावरूनही लोकांचे खूप घोळ होतात आणि कोणी तरी ईएनटीकडे पळतं. ते मोठं छिद्र म्हणजे फोरामेन मॅग्नम, महारंध्र. टॉन्सिल पाच मिलिमीटर किंवा जास्त खाली असले तर साधारण कियारी वन म्हणतात. पण कधीकधी टॉन्सिलबरोबर ब्रेनस्टेमही खाली ओढला गेलेला असतो, आणि तो गेलाय की नाही हे ओळखायची खूण म्हणजे ओबेक्स. ओबेक्स महारंध्राच्या वर असेल तर ब्रेनस्टेम जागेवर आहे, खाली असेल तर काही डॉक्टर त्याला कियारी वन पॉइंट फाइव्ह म्हणतात. म्हणून मावसबहिणीच्या रिपोर्टमध्ये रेडिओलॉजिस्टने मुद्दाम ते वाक्य लिहिलं होतं, त्यांनी तपासून सांगितलं होतं की हे ठीक आहे. पण खाली असं लिहून आलं तरी तेवढ्यावर ऑपरेशन ठरत नाही, त्रास काय आहे, मेरुरज्जूत पाणी साठलंय का, हे सगळं बघून न्यूरोसर्जन ठरवतात.

पाणी साठण्यावरून आठवलं, विसाव्या शतकाच्या मध्यात अमेरिकेत क्लीव्हलँडला जेम्स गार्डनर नावाचे न्यूरोसर्जन होते. त्यांचं म्हणणं असं की मेंदूतलं पाणी बाहेर पडायच्या वाटा नीट उघड्या नसल्या की ते ओबेक्समधून त्या बारीक नळीत ठोके देत घुसतं आणि मेरुरज्जूत पोकळी तयार करतं, म्हणजे सिरिंगोमायेलिया. म्हणून ऑपरेशनमध्ये ते ओबेक्सच्या तोंडाशी स्नायूचा छोटा तुकडा बसवायचे, म्हणजे खरोखर आगळ घालायचे. पुढे कळलं की मोठ्या माणसांत ती नळी बहुतेक वेळा मधेमधे बंदच झालेली असते, मग तो सिद्धांत सगळ्या पेशंटना लागू पडेना आणि ओबेक्स बुजवणं जवळपास थांबलं. जुन्या केसपेपरवर ‘ओबेक्स प्लगिंग’ दिसलं तर ते हे.

दुसरा संदर्भ आहे एरिया पोस्ट्रेमाचा. ओबेक्सच्या अगदी वर, दोन्ही बाजूंना असलेली ही छोटीशी जागा, तिथे मेंदूचं रक्ताविरुद्धचं नेहमीचं कुंपण नसतं, त्यामुळे रक्तात काही विषारी आलं की तिला लगेच कळतं आणि उलटी होते. न्यूरोमायलायटिस ऑप्टिका नावाच्या, मुख्यतः डोळ्याची नस आणि मेरुरज्जूला सूज आणणाऱ्या आजारात इथे सूज आली तर दिवसेंदिवस उचकी आणि उलट्या थांबत नाहीत, पोटाच्या सगळ्या तपासण्या नॉर्मल. २०१५ च्या निदानाच्या निकषांत या आजाराच्या सहा मुख्य लक्षणसमूहांपैकी हा एक धरलाय. अशा पेशंटच्या रिपोर्टमध्ये ‘ओबेक्सजवळ, मेड्युलाच्या मागच्या बाजूला सिग्नल बदल’ असं लिहिलेलं असू शकतं. तिथेही बिघाड ओबेक्सचा नाही, पत्ता ओबेक्सचा आहे. घरात कोणाची उचकी आणि उलटी आठवडाभर हटत नसेल आणि पोटात काही सापडत नसेल तर न्यूरोलॉजिस्टला एकदा दाखवाच, हे मी कळकळीने सांगतेय.

माणसांच्या दवाखान्याबाहेर हा शब्द जिथे रोज वापरला जातो ते म्हणजे जनावरांची तपासणी. ब्रिटनमध्ये १९८६ ला गायींमध्ये बीएसई हा मेंदूचा आजार सापडला, लोक मॅड काऊ म्हणतात तो, आणि १९९६ ला माणसांतल्या एका नवीन मेंदूच्या आजाराशी त्याचा संबंध असल्याचं तिथल्या सरकारने जाहीर केलं. मग २००१ पासून युरोपियन युनियनमध्ये खाण्यासाठी कापलेल्या ३० महिन्यांवरच्या गुरांची तपासणी सुरू झाली. एवढ्या जनावरांचा अख्खा मेंदू कोण काढत बसणार, म्हणून चमच्यासारख्या अवजाराने महारंध्रातूनच ब्रेनस्टेमचा तुकडा काढायचे आणि त्यातला ओबेक्सचा भाग तपासायचे, कारण ज्याच्यामुळे हा आजार होतो ते बिघडलेलं प्रिऑन प्रोटीन तिथल्या व्हेगस नर्व्हच्या, म्हणजे मेंदूतून छाती-पोटाकडे जाणाऱ्या नसेच्या, केंद्रात लवकर आणि भरपूर साठतं. अमेरिकेत हरणांच्या क्रॉनिक वेस्टिंग डिसीज या अशाच प्रिऑनच्या आजारासाठीही ओबेक्स घेतात, जोडीला घशामागच्या लिम्फ नोड. इथे ओबेक्स म्हणजे बिंदू नाही, तो सॅम्पलचा तुकडाच, हा फरक वाचताना ध्यानात ठेवा.

संशोधनाचे पेपर वाचत असाल तर तिथे ओबेक्स म्हणजे फुटपट्टीवरचा शून्य. उंदरांच्या श्वासाच्या केंद्रांवर काम करणारे लोक तिथून मिलिमीटर मोजतात, वर गेलं की सहसा प्लस, खाली गेलं की मायनस. प्रत्येक पेपरमध्ये आधी हे चिन्ह तपासा, नाहीतर सगळं उलटं समजाल.

गुगलवर शोधताना एक अडचण येणार. नुसतं ओबेक्स टाकलं की ब्लूटूथवरून फाईल पाठवायचा एक प्रोटोकॉल समोर येतो, त्याचंही नाव तेच. म्हणून सोबत मेड्युला किंवा फोर्थ व्हेंट्रिकल हे शब्द टाका, लगेच बरोबर आकृत्या येतात.

आणि मराठीत लिहायचं झालं तर माझं स्पष्ट मत आहे, शब्द ‘ओबेक्स’ असाच ठेवा. पहिल्यांदा आला की सोबत एक वाक्य जोडा, ‘मेड्युलाच्या मागच्या बाजूचं, चौथ्या व्हेंट्रिकलचं खालचं टोक’, मग पुढे बिनधास्त नुसतं ओबेक्स लिहा. अडसर, आगळ हे अर्थ सांगण्यापुरते वापरा, नाव म्हणून नको. पेशंटच्या घरच्यांशी बोलताना तर मुळीच नको.

डॉक्टरांकडे जाल तेव्हा ‘ओबेक्स म्हणजे काय’ विचारण्यात वेळ घालवू नका, ते आता तुम्हाला माहितीये. विचारा की ओबेक्स महारंध्राच्या वर आहे की खाली, त्याच्या जवळ काही बदल दिसतोय का, दिसत असेल तर किती मोठा, आणि आधीच्या एमआरआयच्या तुलनेत काही फरक पडलाय का.

मावशीला मी शेवटी व्हॉइस मेसेज न करता टाईप करून पाठवलं, म्हणजे ती परत परत वाचू शकेल: ‘मावशी, ओबेक्स हे मेंदूच्या दांड्यावरच्या एका टोकाचं नाव आहे, बोरूचं टोक असतं ना तसं. ताईचं ते टोक बरोबर जागेवर आहे. अडथळा वगैरे काही लिहिलेलं नाही, मोबाईलने चुकीचं सांगितलं. टॉन्सिल थोडे खाली आहेत, तेही घशातले नाहीत, त्याबद्दल गुरुवारी डॉक्टरांशी बोलायचंय, मी येते बरोबर.’