१ एप्रिलले वर्गात पोट्ट्यायची गंमत कशी करायची
सर-मॅडमहो, एप्रिलात आपल्याकडं सकाळची शाळा, पोट्टे अर्धे झोपेतच असतात, तवा अचानक २० प्रश्नांचा पेपर वाटा. वरती लिहा 'आधी पूर्ण पेपर वाचा', मधात कुठंतरी 'उभं राहून तीनदा टाळ्या वाजवा' आन शेवटी 'फक्त नाव लिहा, बाकी काहीच सोडवू नका', मंग पाहा कोण कोण टाळ्या वाजवते! मार्क मात्र धरू नका, आन एकट्या पोट्ट्याले हसू नका, लय लागते लेकरायले.

दुसरं सोपं हाय. हळदीच्या पाण्यात कागद बुडवून वाळवा, 'खोटं बोललं की लाल होते' म्हणा, आन आपलंच साबणाचं ओलं बोट लावा. नंतर कारण सांगाच, साबणातल्या अल्कलीनं हळद लाल होते.