मोर्सचा जुना प्रोग्रॅम उघडत नाही? डीएलएल कुठे आहे ते बघा

मुंबईच्या लॅमिंग्टन रोडवरून जुना पीसी आणला, त्यावर रेडिओवरून मोर्स कोड पाठवायचा जुना प्रोग्रॅम टाकला, की बऱ्याचदा पहिलाच मेसेज येतो : 'इनपआउट३२.डीएलएल' सापडत नाही. डीएलएल म्हणजे प्रोग्रॅमला लागणारी मदतनीस फाइल. प्रिंटरच्या पॅरलल पोर्टमधून (जुन्या पीसीच्या मागच्या रुंद सॉकेटमधून) रेडिओला मोर्सचे डिट-डा, म्हणजे छोटे-लांब ठोके, पोचवायचं काम ही फाइल करते. लगेच गुगलवर 'फ्री डीएलएल' शोधू नका, तिच्यासोबत काय घरात शिरेल नेम नाही. मूळ झिपमध्ये ती बहुतेकदा असतेच; आपण नुसती ईएक्सई, म्हणजे प्रोग्रॅमची मुख्य फाइल, डेस्कटॉपवर ओढलेली असते. अख्खी झिप एका फोल्डरात उघडा. ही फाइल विंडोज आधी प्रोग्रॅमच्या फोल्डरातच शोधतं.

सिस्टम फोल्डरातच टाकायची तर गंमत बघा : ६४ बिट विंडोजवर ३२ बिटची डीएलएल 'सिसवाव६४'मध्ये जाते, 'सिस्टम३२'मध्ये नाही. नावं देणाऱ्याला दंडवत! मग पहिल्यांदा प्रोग्रॅम अ‍ॅडमिनिस्ट्रेटर म्हणून चालवा, म्हणजे डीएलएलला पोर्ट वापरू देणारा ड्रायव्हर बसेल.

वेग तपासायला १२०० ला मिनिटाला जितके शब्द पाठवायचे त्या आकड्याने भागा, एका डिटचे मिलिसेकंद मिळतात. भारतात हॅमच्या, म्हणजे हौशी रेडिओच्या, परवान्याच्या जनरल ग्रेडला मिनिटाला ८ शब्द लागतात, म्हणजे डिट १५० मिलिसेकंदांचा.