फ्रान्स्वाझ बोनोचं एडिटिंग कसं बघायचं

सांगलीत गणपती पेठेत आमचं लग्नाच्या व्हिडिओंचं मिक्सिंग, म्हणजे एडिटिंगच, चालतं. आधी वडील दोन व्हीसीआर जोडून करायचे, आता मी कॉम्प्युटरवर करते. म्हणूनही असेल, फ्रान्स्वाझ बोनो ही फ्रेंच एडिटर मला फार जवळची वाटते. तिची आई मोनिक हीसुद्धा एडिटरच. फ्रान्स्वाझ १९३९ ची, २०१८ मध्ये गेली. 'झेड' या सिनेमासाठी तिला ऑस्कर मिळालं, 'मिसिंग'साठी बाफ्टा हा ब्रिटिश पुरस्कार, आणि २०१० च्या 'द टेम्पेस्ट'वरही एडिटर म्हणून तिचंच नाव आहे. मिक्सिंगमध्ये नव्याने आलेल्या पोरापोरींनी तिचं काम बघायलाच हवं.

सुरुवातीला दोनच सिनेमे घ्या, दोन्ही १९६९ चे. मध्ये एक दिवस जाऊ द्या.

आधी दिग्दर्शक मेलव्हिलचा 'आर्मी ऑफ शॅडोज'. पहिलाच शॉट पॅरिसच्या विजयकमानीचा. कॅमेरा जागचा हलत नाही. जर्मन सैनिक लांबून येतात, वळतात आणि थेट आपल्या अंगावर चालून येतात. आवाज चालू ठेवा, मोबाइलवर स्टॉपवॉच लावा. आपला हात कुठे कुठे कापायला शिवशिवला, तो सेकंद लिहा. माझा तीनदा शिवशिवला होता. हा शॉट मेलव्हिलने आधी सिनेमाच्या शेवटी ठेवला होता, मग सुरुवातीला आणला. तो मनातल्या मनात परत शेवटी नेऊन बघा, म्हणजे जागा बदलल्याने काय होतं ते कळेल.

मग दिग्दर्शक कोस्टा-गावरासचा 'झेड'. शेवटाकडे बडे अधिकारी एकेक करून तपास करणाऱ्या न्यायाधीशापुढे येतात. हा भाग आवाज बंद करून बघा. वहीत तीन रकाने पाडा: छातीवरची पदकं, टाइपरायटर, बंद दार. कुणाला किती सेकंद दिलेत ते भरत जा. तेच तेच परत येतं, तरी कंटाळा येत नाही. का येत नाही, ते रकान्यांतच सापडतं. एकाच वर्षी, एकाच बाईच्या हातून इतकी वेगळी दोन कामं! मला तिचं मोठेपण इथे दिसतं: ती आपली चाल सिनेमावर लादत नाही.

तिनेच एडिट केलेले 'मिसिंग' आणि 'फ्रिडा' नंतर सवडीने बघा.

आता हे आपल्या कामात आणायचं. पूर्वी अक्षतांवर मी गुलाबपाकळ्यांचा इफेक्ट टाकायचे. एकदा नवरीची आई पेनड्राइव्ह घेऊन परत आली. "ताई, आमचे हे रडले होते, ते कुठाय?" मूळ शूटिंगमध्ये ते होतं, जेमतेम तीन सेकंद. मीच उडवलं होतं. रात्री बसून परत लावून दिलं, पण ती बाई दारात उभी असलेली मला अजून दिसते.

तेव्हापासून 'सावधान' झालं, अंतरपाट खाली आला, की मी लगेच नवरा-नवरीवर उडी मारत नाही. आधी वडिलांचा चेहरा शोधते. हात रुमालासाठी खिशाकडे जातो आणि मध्येच थांबतो. आपल्या व्हिडिओत सेकंदाला पंचवीस फ्रेम, म्हणजे सुटी चित्रं, असतात. हात थांबल्यावर अजून दहा-बारा फ्रेम जाऊ द्या, मग कापा. बँडचा आवाज मात्र आधीच्या शॉटवरूनच सुरू करा, नाहीतर तिथे झटका बसतो.