शेजारच्या कोपीतलं गाणं: डॉक्युमेंटरीत नव्यानं येणाऱ्यांसाठी

नवी मुलं पहिला प्रश्न विचारतात तो कॅमेऱ्याचा. मित्राकडचा घ्या, भाड्यानं आणा, त्यानं फारसं अडत नाही. मुलाखत आणि निवेदन न वापरता, लोकांसोबत राहून फिल्म करायची असेल तर अडतं ते आवाजापाशी, त्यातही एका गोष्टीपाशी: मागे वाजणारं गाणं.

मी ऊसतोड कामगारांच्या कोप्यांवर, म्हणजे त्यांच्या झोपड्यांवर, शूट करत होते. फडातून परतलेली बाई चुलीपुढे भाकरी थापतेय, नवरा कोयत्याला धार लावतोय आणि दोघं मुकादमाची उचल किती फिटली याचा हिशेब मांडतायत. सगळी फिल्म त्या बोलण्यात होती. शेजारच्या कोपीत मोबाईलवर सिनेमातलं गाणं मोठ्यानं चालू होतं आणि कपड्याला अडकवलेल्या लेपल माइकवर ते शब्दन् शब्द आलं.

असं गाणं दोनदा मारतं. आधी एडिटवर. लांबलचक बोलण्यातली दोन वाक्यं उडवलीत की गाणं मुखड्यावरून थेट अंतऱ्यात उडी मारतं आणि कट उघडा पडतो. सॉफ्टवेअरनं गाणं बरंचसं निघतं, पण त्याबरोबर बांगड्या आणि भाकरी थापल्याचा आवाजही जातो. मग हक्क. फिल्म घेऊ पाहणाऱ्या वाहिनीनं आमच्याकडे पहिला कागद मागितला तो गाण्याच्या परवानगीचा. 1957च्या कॉपीराइट कायद्यातलं कलम 52 फिल्ममध्ये ओघानं दिसलेल्या कलाकृतीला सूट देतं. पण तिथे कलाकृती म्हणजे चित्र, शिल्प, फोटो, इमारत. गाणं त्यात बसत नाही. शिवाय गीत-संगीताचे हक्क वेगळे, ध्वनिमुद्रणाचे वेगळे. ‘दहा सेकंद चालतात’ असं छातीठोकपणे सांगणारे सीनियर भेटतील. कायद्यात असा आकडा कुठेही नाही. त्यांच्या भरवशावर राहू नका.

घाबरूनही जाऊ नका, हे टाळता येतं. पोचल्या पोचल्या, कॅमेरा बॅगेत असतानाच विनंती करा: ‘मावशी, टीव्ही जरा बंद ठेवता का?’ काही जण याला ढवळाढवळ म्हणतात. मला पटत नाही. तुम्ही घरात शिरलात तेव्हाच थोडी ढवळाढवळ झालेली असते. बोलणं रंगात आल्यावर मात्र अजिबात थांबवू नका, आणि ‘परत एकदा बोला’ तर कधीच नाही. गाणं आलंच तर लॉगमध्ये, म्हणजे शूटच्या नोंदींत, टाइमकोडसह (फुटेजमधल्या नेमक्या वेळेसह) लिहा. निघण्याआधी त्या जागेचा नुसता आवाज मिनिटभर घ्या. कट सांधायला तोच लागतो.

बूम, म्हणजे लांब दांडीवरचा माइक, धरायला मिळेल त्याला उभं करणं हा सगळ्यात महागडा शॉर्टकट. अमेरिकन डॉक्युमेंटरीकार फ्रेडरिक वाइझमन यांनी 1967च्या पहिल्या फिल्मपासून कॅमेरा दुसऱ्याकडे दिला आणि आवाज स्वतः सांभाळला. मेंटॉर निवडतानाही मी हेच बघते. पिचिंगच्या, म्हणजे पैसे देणाऱ्यांपुढे फिल्म मांडण्याच्या, कार्यशाळेत तुमचा ट्रेलर चकचकीत करून देणारे पुष्कळ भेटतात. हेडफोन लावून कच्चे रशेस, म्हणजे न कापलेलं फुटेज, ऐकणारा गाठा.

पैशाचं स्पष्टच सांगते: या फिल्मवर घर चालेल असं धरू नका. लग्नं, कॉर्पोरेट व्हिडिओ, शिकवणं, काहीतरी जोडीला ठेवा. त्यात कमीपणा नाही, आम्ही बहुतेक जण तसेच जगतो.

चुलीपुढचा तो प्रसंग फिल्ममध्ये आहे, पण गाणं संपल्यानंतरचा तेवढाच. उचलीचा आकडा त्याआधीच बोलून झाला होता.